घडीमोडची परवाची फेरी

त्या फेरीला घडीमोडच्या पोटात माल नव्हता. चष्म्यांच्या पेट्या नव्हत्या, सुयांची पुडकी नव्हती, साबणाची एक वडीसुद्धा नव्हती. चार पिढ्या व्यापार केलेलं आमचं गलबत पहिल्यांदाच रिकाम्या पोटी निघालं होतं. काम एकच होतं. मामाला घरी आणायचं.

मामा म्हणजे माझ्या आईचा धाकटा भाऊ आणि घडीमोडचा वाटाड्या. एकवीस दिवसांपूर्वी आम्ही त्याला एका बेटावर मोडक्या पायानिशी सोडून आलो होतो. सोडावं लागलं, हे खरं. पण मनाला कितीही समजावलं तरी घास घशाखाली उतरत नव्हता. आता सुकाणूवर मामी होती. चुलीपाशी आचारीकाका होते, मामाचे बालमित्र, ज्यांना स्वयंपाकापेक्षा बोलणं बरं जमतं. आणि शिडांपाशी मी. शिडं शिवणं हा माझा धंदा. माझा टाका तिरका पडतो म्हणून गोदीवर मला ‘तिरकी’ म्हणतात, पण माझं एकही शीड आजवर उसवलेलं नाही, हेही त्याच लोकांना विचारून घ्या.

घडीमोडची हकिकत आधी सांगायला हवी, नाहीतर पुढचं सगळं थापा वाटेल. माझे पणजोबा जहाजं बांधणारे सुतार. एका सकाळी किनाऱ्याला एक प्रचंड ओंडका लागला. त्यांनी तो उलटा केला, तर बुंध्यावर त्यांच्याच कुऱ्हाडीची खूण! तीन रेघा आणि एक टिंब. हे झाड आपण तोडलेलं नाही हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. दुसऱ्या कोणी घाबरून ओंडका परत समुद्रात ढकलला असता. पणजोबांनी त्याचं गलबत बांधलं. दोन वर्षांनी त्याच गलबतातून भरकटत ते एका अनोळखी बेटाला लागले. तिथे ते झाड उभं होतं. त्यांनी ते तोडलं, खूण केली आणि पाण्यात लोटलं. आधी कळस मग पाया म्हणतात, ते आमच्या घरात असं शब्दशः घडलं.

वाट अशी आहे. आमच्या बंदरापासून अर्ध्या दिवसावर धुक्याने भरलेली एक अरुंद सामुद्रधुनी लागते. तिच्या मधोमध एक काळा सुळका पाण्यातून वर आलाय, त्याला आम्ही खुंटा म्हणतो. इतर जहाजं धुक्यात शिरतात आणि निमूट पलीकडे निघतात. घडीमोड मात्र शेकडो वर्षांपूर्वीच्या समुद्रात निघतं, आणि तेही ज्या दिवशी मागच्या वेळी तिथून परतलं, नेमकं त्याच दिवशी. दिवस बदलायचा असेल तर खुंट्याला फेरा घालायचा. डावीकडून एक फेरा म्हणजे एक दिवस मागे, उजवीकडून एक म्हणजे एक दिवस पुढे. दुसऱ्या कुठल्या जहाजाला हे जमत नाही, कारण त्या बेटावरच्या झाडांची राळ फक्त आमच्या फळ्यांच्या सांध्यांत भरलेली असते. दर खेपेला धुकं ती थोडी खातं. राळ संपली की घडीमोड म्हणजे चार फळ्या आणि एक शीड.

नाव पणजीने ठेवलं. नवं कापड पहिल्यांदा अंगावर घातलं की त्याची घडी मोडते, आणि काळालाही घड्या असतात, असं तिचं म्हणणं. आजीच्या वेळी व्यापार ऐन भरात होता. इथून चष्मे न्यायचे आणि तिथून रंग आणि आज कुठेच न उरलेलं बियाणं आणायचं. एका म्हाताऱ्या विणकरणीने आजीकडून आयुष्यातला पहिला चष्मा घेतला, नाकावर चढवला, आणि मांडीवरच्या नातवाकडे न बघता आधी स्वतःच्या कापडातले तीन चुकीचे धागे ओढून काढले. आजी म्हणायची, त्या दिवशी मला कळलं की आपण चांगला माल विकतो.

आणखी एक गोष्ट. पणजोबांनी सुकाणूशेजारी पाटी ठोकली होती: ‘या गलबतावर परवा हा शब्द बोलू नये.’ आपली भाषा गोड खरी, पण या बाबतीत दगाबाज. होऊन गेला तोही परवा, यायचा तोही परवा! जमिनीवर ऐकणारा ओघाने समजून घेतो. खुंट्यापाशी त्या समजून घेण्यात चार दिवसांचा घोळ होतो. म्हणून आम्ही ‘दोन मागे’, ‘दोन पुढे’ असंच बोलतो, आणि चुकून कोणाच्या तोंडून परवा निघाला की मामा त्याच्यावर डाफरायचा.

तोच मामा एकवीस दिवसांपूर्वी राळ आणायला एकटा वर गेला. बेटावर राळेचं एकच झाड उरलं होतं, घळीच्या कडेला. तेवढ्यात बेटावरचा डोंगर गुरगुरला, झाडाखालचा कडा तुटल्याचा कडकडाट ऐकू आला आणि घळीतल्या ओढ्याला कढत पाण्याचा लोंढा आला. वाफेने पलीकडचं काही दिसेना. आम्ही अलीकडच्या काठावर, तो पलीकडे. नुसता आवाज आला.

“पाय मोडलाय! बाकी ठीक आहे! परवा या! ऐकलंत ना? परवाच या!”

गलबताचा नांगर सुटत होता, ओहोटी लागली होती. लोंढा ओलांडणं म्हणजे उकळत्या हंड्यात पाय घालणं. मी आणि आचारीकाकांनी मामीला दंडांना धरून ओढत गलबतावर आणलं.

घरी येऊन बघतो तर सांधे उघडे पडलेले. शेवटची राळ भरायला, शीड शिवायला एकवीस दिवस गेले. राळ जेमतेम दोन खेपांची, एक जायची आणि एक यायची. आचारीकाका मामीला समजावत राहिले, “वहिनी, आपण कधीही निघालो तरी त्याच दिवसाला पोचणार. घडीमोडला उशीर होत नाही.” गलबताला होत नाही हे खरं. वाट बघणाऱ्याला होतो.

बेत सरळ होता. दोन पुढे. मामा परवा म्हणाला, म्हणजे दोन दिवसांनी लोंढा ओसरेल असा त्याचा अंदाज असणार. शिवाय या वेळी बेटाच्या मागच्या अंगाला नांगर टाकायचा, म्हणजे ओढा ओलांडायची वेळच येणार नाही.

सकाळी धुक्यात शिरलो. आत वारा चहूकडून येत होता. शीड फडफडत होतं, पाणी खुंट्यावर आपटून उसळत होतं. अचानक भोवऱ्याने गलबत गर्रकन फिरवलं! एकदा. दोनदा. पुढचं कुठलं, मागचं कुठलं, कळेना. दोर माझ्या हाताची सालटी काढत होता. मामी ओरडली, “कुठला फेरा?”

आणि मी, पाटीकडे पाठ करून, ओरडले, “परवा!”

सुकाणू फिरलं. खुंटा सरकला. एक फेरा. दुसरा फेरा. मग धुक्याने आम्हाला पलीकडे थुंकून टाकलं. समोर बेट होतं, वर निळं आभाळ. जिवात जीव आला. खुंटा हलवून बळकट करावा असं म्हणतात, पण तिथे खरा खुंटा समोर असूनही मी मामीला पुन्हा विचारलं नाही.

मागच्या अंगाचा किनारा म्हणजे नुसते कातळ. नांगर टाकून आम्ही वर चढायला लागलो. पुढे मामी कोयत्याने वेली छाटत, मध्ये मी पाठीवर सुटं शीड घेऊन (मामाला त्यात घालून आणायचं होतं), मागे आचारीकाका उकडलेल्या बटाट्यांचं गाठोडं घेऊन. पहिल्या उतारावर दलदल लागली, तिच्यात काकांची एक चप्पल गेली. पुढे नेचे छातीएवढे उंच वाढले होते, आणि त्यातून चालताना आपला पाय कशावर पडतोय ते दिसत नव्हतं. कधी दगड, कधी पोकळी, कधी काहीतरी जे स्वतःहून बाजूला व्हायचं. डोंगर शांत होता. दुपार कलायच्या आत आम्ही घळीशी पोचलो.

“अहो!” मामीने हाक मारली.

घळीतून नुसता ओढ्याचा आवाज आला.

आम्ही घळीत उतरलो. तळाला सुरीसारखे धारदार खडक. मामा नव्हता. चिंधी नाही, रक्ताचा डाग नाही, घसटत गेल्याची खूण नाही. मामी खडकांच्या फटींत हात घालून बघू लागली, माणूस काय किल्ली आहे फटीत पडायला! मला रडू फुटलं. दोन दिवसांत काय झालं असेल ते मला दिसायला लागलं, आणि जे दिसलं ते इथे लिहीत नाही.

आचारीकाका ओढ्याच्या काठी बसले होते. त्यांनी बिनचपलेचा पाय पाण्यात सोडला होता.

“पोरी,” ते म्हणाले, “हे पाणी गार आहे.”

“असेल. त्याचं काय?”

“लोंढा येऊन दोन दिवस झाले म्हणतेस. मग काठचं शेवाळ हिरवं कसं? कढत पाण्यात उकडून निघायला हवं होतं. आणि वर बघ.”

वर घळीच्या ओठावर राळेचं झाड उभं होतं. खोडावर एकही घाव नव्हता. त्याच्या मुळाशी कड्याचा सज्जा पुढे आलेला होता, अख्खा, न मोडलेला.

“वहिनी, रडू नका,” काका उठत म्हणाले. “तो मेला नाही. तो अजून पडलाच नाही.”

आमच्यापैकी कोणाला काही समजावून सांगायची गरज नव्हती. दोन पुढे नव्हे, दोन मागे आलो होतो. “मी परवा म्हणाले,” मी पुटपुटले.

मामीने डोळे पुसले. “आणि मी डावीकडून घेतलं. एकवीस दिवस एकच घोकत होते मी. दोन दिवस आधी जाता आलं असतं तर ह्यांना डोलकाठीला बांधून ठेवलं असतं. तू परवा म्हणालीस आणि हात आपोआप मागे गेले.”

शब्द माझा, हात तिचे. पण मामा जिवंत होता, या क्षणी घडीमोडवर बसून इकडेच यायला निघाला असेल, या विचाराने आम्ही तिघं वेड्यासारखे हसलो. परतीची एक खेप सोडली तर पुन्हा धुक्यात शिरण्याइतकी राळ नव्हती. नसू दे. दोन दिवस थांबलं की तो स्वतःच्या पायांनी इथे येणार होता.

मग मामीचं हसू थांबलं. ती वर सज्जाकडे आणि खाली खडकांकडे बघत होती.

“इथून पडून नुसता पाय मोडतो?” तिने विचारलं.

कड्याची उंची तीस हात तरी होती. खाली त्या सुऱ्या.

“मी वाटेत उभी राहते,” मामी म्हणाली. “त्यांना वर जाऊच देत नाही.”

“वहिनी,” काका हळू बोलले, “मला ही काळाची गणितं कळत नाहीत. मी बटाटे उकडणारा माणूस. पण ‘पाय मोडलाय, बाकी ठीक आहे’, हे आपण तिघांनी आपल्या कानांनी ऐकलंय. तो पडूनही वाचला, एवढं आपल्या पदरात आहे. हातचं सोडून पळत्याच्या पाठी लागू नका. त्याला अडवलंत आणि उद्या तो दुसरीकडून पडला, तर?”

“पण या खडकांवर पडला तर वाचणार कसा?”

“खडकांवर पडला नसेल,” मी म्हणाले. सुट्या शिडाचं ओझं माझ्या पाठीवर होतंच. “खाली काहीतरी असेल. आपण घातलेलं.”

पुढचा दीड दिवस आम्ही माणसासारखे वागलो नाही, बैलासारखे राबलो. मामी नेचे कापायची, काका भारे बांधून खाली लोटायचे, मी शीड दुमडून त्याची खोळ शिवत होते. भर उन्हात सुई तापून बोटांना चटका द्यायची. नेचा दिसतो ढीगभर आणि दाबला की मूठभर! शंभर भारे टाकले, खोळ अर्धीही भरली नाही. दुसऱ्या दिवशी डोंगरातून राख पडायला लागली, घशात, डोळ्यांत, बटाट्यांत. मामीच्या तळव्यांना फोड आले, फुटले. मी म्हटलं, जरा बसा. ती म्हणाली, “बसायला जन्म पडलाय.” जागा चुकली तर? दोन हात इकडे पडला तर? मी सज्जावरून दगड टाकून बघितले. दहातले आठ गादीवर पडले. दोन पडले नाहीत. आम्ही आणखी साठ भारे कापले.

तिसऱ्या दिवशी सकाळी समोरच्या खाडीत घडीमोड आलं. आमचंच गलबत, आमचंच शीड. आम्ही नेच्यांत पोटावर पडून बघत होतो. गलबतावरून एक पोरगी उतरली, ढांगा टाकत, खांदे हलवत.

“मी अशी चालते?” मी कुजबुजले.

“याहून वाईट,” काका म्हणाले. “त्या दिवशी तुझी झोप तरी झालेली होती.”

मग मामा दिसला. खांद्याला टोपली, हातात कुऱ्हाड, तोंडात गुणगुणणं. तो खालच्या वळणावर, जिथून गादी दिसत नव्हती, ओढा ओलांडून आमच्यापासून वीस पावलांवरून वर गेला. मामीने स्वतःचा पदर तोंडात कोंबला होता. मी तिच्या पाठीवर हात ठेवला, धीर द्यायला की धरून ठेवायला, ते मलाही माहीत नाही.

वरून कुऱ्हाडीचे आवाज आले. ठक्. ठक्. ठक्.

डोंगर गुरगुरला. जमीन हलली. कड्कन सज्जा तुटला!

मामा खाली आला. हात पसरलेले, आवाज नाही. मी डोळे मिटले. धप्प!

एक क्षण काहीच नाही. मग अशी एक सणसणीत शिवी ऐकू आली की तिच्याइतकं गोड मी आयुष्यात काही ऐकलेलं नाही. मामी मातीत डोकं टेकून हुंदके देत हसत होती. एक पाय गादीबाहेर पडला होता, गुडघ्याखाली वाकडा. बाकी मामा अख्खा होता.

त्याच वेळी लोंढा आला. वाफेने घळ भरली. मामा कोपरांवर रेटा देत गादीच्या वरच्या टोकाला सरकला आणि तिथेच आडवा झाला. पलीकडून आमचेच तिघांचे आवाज येऊ लागले, घाबरलेले. मामा ओरडला, “पाय मोडलाय! बाकी ठीक आहे! परवा या!” पुढचं सगळं आम्हाला पाठ होतं. पलीकडच्या मामीला दोघांनी ओढत नेलं. गलबत सुटलं, खाडीबाहेर वळलं. ते दिसेनासं होईपर्यंत आम्ही जागचे हललो नाही, कारण आम्हाला बघून ते थांबले असते तर सगळंच मुसळ केरात.

मग मामी धावली. नेच्यांतून, राखेतून, फुटलेल्या तळव्यांनी खडक धरत. मामा डोळे मिटून पडला होता.

“अहो.”

त्याने डोळे उघडले. त्याला जराही आश्चर्य वाटलं नाही, याचं मला आश्चर्य वाटलं.

“परवा आलात ना?” तो म्हणाला.

“परवापासून इथंच आहोत,” मामी म्हणाली आणि त्याच्याशेजारी बसून त्याचं डोकं छातीशी घट्ट धरलं.

मामाने गादीवर हात फिरवला. “पडल्यावर आधी हा टाका दिसला. इतका तिरका टाका जगात एकीचाच. म्हटलं, ही मंडळी येऊन गेलेली दिसतायत. एवढे नेचे कापायचे म्हणजे दोन दिवस तरी आधी आली असणार. म्हणून सांगितलं, परवा या. मागच्या परवाला या, एवढं सगळं ओरडायला दम कुठे होता?”

म्हणजे मी चुकले, तेच बरोबर होतं. आणि बेताप्रमाणे दोन पुढे गेलो असतो, तर या खडकांवर आम्हाला काय सापडलं असतं, ते बोलायचं आम्ही एकमेकांच्या तोंडाकडे बघूनच टाळलं.

डोंगराने पुन्हा डोकं हलवलं. आता राखेबरोबर खडेही पडत होते. मी खोळ उसवली, नेचे बाहेर लोटले, शिडाची झोळी केली. मामाला आत घेताना तो म्हणाला, “थांबा. वर टोपली राहिलीय. काठोकाठ भरलीय. तेवढी राळ घेतली तर दहा वर्षं घडीमोड चालेल. न घेता गेलो तर ही शेवटची खेप.”

सज्जा तुटला होता, पण बाजूने चढून वर जाता आलं असतं. तासाभराचं काम. मी निघालेसुद्धा. चार पिढ्यांचं गलबत! पणजोबांची खूण! माझं तर सगळं आयुष्य त्याच्या शिडांत शिवलेलं.

“खाली ये,” मामी म्हणाली.

“मामी, तासभर फक्त.”

“तुझ्या मामासाठी आलोय. मामा मिळाला. चल.”

ती कधी आवाज चढवत नाही, म्हणूनच तिच्यापुढे कोणाचं चालत नाही. मी उतरले. वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू? पण झोळीचं टोक खांद्यावर घेतल्यावर मामाचं वजन लागलं, आणि मग दुसरं काही आठवायला सवड उरली नाही.

परतीची वाट आम्ही कशी उतरलो, ते नीट आठवत नाही. राखेने दलदलीवर साय धरली होती आणि तिच्यात मी कमरेपर्यंत गेले. काकांनी मला काढलं आणि त्यांची दुसरी चप्पल गेली. मागे झाडं पेटल्याचा वास येत होता. मामा झोळीतून वाट सांगत होता, डावीकडे, उजवीकडे, आणि दर धक्क्याला नवी शिवी. नांगर उचलायला वेळ नव्हता, दोर कापला. धुक्यात शिरलो तेव्हा मागे बेट तांबडं झालं होतं.

आत सांधे ठिबकायला लागले. राळ विरघळून पाण्यावर मधासारखी तरंगत होती. काका पातेल्याने पाणी उपसत होते, मी चिंध्या कोंबत होते. खुंटा बाजूने गेला. शेवटचा. मग उजेड दिसला, आणि आमच्या बंदरातल्या क्रेनचा आवाज, आणि कोणाच्यातरी रेडिओवरच्या बातम्या. आम्ही पोचलो होतो! मी डेकवर उताणी पडले आणि नुसता श्वास घेत राहिले.

घडीमोड अजून आहे. आता ते फक्त आजच्या बंदरांमधून विटा आणि कांदे वाहतं, आणि त्याची मला लाज वाटत नाही.

गोदीवरच्या दवाखान्यात आम्ही मामाला झोळीतूनच आत नेलं. डॉक्टरीणबाईंनी पाय बघितला, सूज दाबली, कागद पुढे ओढला.

“कधी मोडला?”

“आज सकाळी,” मामा म्हणाला.

“एकवीस दिवस झाले,” मामी त्याच वेळी म्हणाली. वर आणखी काही बोलायला गेली आणि तिचा आवाज फुटला. एकवीस दिवसांत आणि त्या बेटावर जे अडवून धरलं होतं, ते सगळं दवाखान्याच्या त्या लाकडी बाकावर बाहेर आलं.

डॉक्टरीणबाई दोघांकडे बघत राहिल्या. “एक काहीतरी सांगा. सकाळी की एकवीस दिवस?”

मामाने पलंगावरून हात लांब केला आणि मामीचा फोड आलेला तळवा उलटा करून बघितला.

“माझं सकाळचं आहे, थांबेल,” तो म्हणाला. “आधी हिच्याकडे बघा.”